वय ७४, पोस्ट : पटकथालेखक

तिशीच्या आतले तीस. चाळिशीच्या आतले चाळीस. थोड्या थोड्या दिवसांनी कुठलं तरी मासिक अशी एक यादी छापतं आणि तिचा फोटो आपल्या ग्रुपवर येऊन पडतो. मग दिवसभर डोक्याला भुंगा! कुणी चोविसाव्या वर्षी कंपनी काढून विकलेली, कुणाचा सत्ताविसाव्या वर्षी तिसरा सिनेमा. त्यात एखादी आपल्याच कॉलेजची निघाली की संपलंच. ‘ही? अगं, ही तर माझ्या नोट्स झेरॉक्स करायची!’

आणि आपण? आपण एक्सेल शीटमध्ये तोंड खुपसून अप्रेझलची वाट बघतोय. घरून फोन आला की पहिला प्रश्न ‘जेवलीस का’ आणि दुसरा ‘पर्मनंट झालीस का’. माझ्यासारख्या फ्रीलान्सरच्या बाबतीत तर दुसऱ्या प्रश्नाचं उत्तर कायमचं ठरलेलं.

म्हणून या आठवड्यात अशा कुठल्याच यादीत बसणं शक्य नसलेल्या एका माणसाची गोष्ट. नाव : कार्लोस साबोगा. देश : पोर्तुगाल. काम : सिनेमा आणि टीव्हीसाठी पटकथा लिहिणं. ज्या पटकथेनं जगभरच्या सिनेमावेड्यांना यांचं नाव पाठ झालं, ती पडद्यावर आली २०१० साली. साबोगांचा जन्म १९३६चा. करा वजाबाकी.

बरोबर. चौऱ्याहत्तर!

‘एज इज जस्ट अ नंबर’ टाइप गोड गोड कॉलम आता सुरू होणार, असं वाटून पान उलटू नका. तसलं काही मी लिहिणार नाहीये. वय हा नंबर असतोच, गुडघे तो बरोबर मोजतात. प्रश्न वेगळा आहे. चौऱ्याहत्तराव्या वर्षी एखाद्याच्या हातून इतकं मोठं काम होतं, तेव्हा आधीच्या सगळ्या वर्षांत तो नेमका करत काय असतो?

सालाझारच्या देशातून पॅरिसला

साबोगा मूळचे फिगेरा दा फोझचे. अटलांटिकच्या काठावरचं समुद्रकिनाऱ्याचं गाव. त्यांचा जन्म झाला तेव्हा पोर्तुगालवर सालाझारची हुकूमशाही होती. हे नाव आपल्याला अजिबात अनोळखी नाही. ‘गोवा सोडणार नाही’ म्हणून शेवटपर्यंत अडून बसलेला तोच हा सालाझार. डिसेंबर १९६१मध्ये भारतीय सैन्य गोव्यात शिरलं आणि साडेचारशे वर्षांची सत्ता दोन दिवसांत संपली. तेव्हा साबोगा पंचविशीत होते, म्हणजे तुमच्या-माझ्या वयाचे.

आपल्याकडे सालाझार संपला. त्यांच्याकडे नाही. तिथे सेन्सॉर होता, गुप्त पोलीस होते, आफ्रिकेतल्या वसाहतींमध्ये युद्धं चालू होती आणि तरुण पोरांना त्यासाठी सैन्यात भरती केलं जात होतं. हजारो तरुणांनी देश सोडला. खूप जण पॅरिसला गेले. साबोगाही त्या पिढीतले, त्यांनीही पॅरिसच गाठलं. ही राजवट कोसळली एप्रिल १९७४मध्ये, कार्नेशन क्रांतीत. बंदुकीच्या नळ्यांमध्ये फुलं खोचलेल्या सैनिकांचे ते फोटो तुम्ही पाहिले असतील. पण तोपर्यंत साबोगांची ऐन उमेदीची वर्षं हुकूमशाहीच्या हिशोबात जमा झाली होती.

ज्या वयात आपण ‘स्विच मारू की नको’ यावर तीन-तीन महिने चर्चा करतो, त्या वयात या पिढीपुढे प्रश्न होता : देशात राहू की नको? ‘लेट’ झालेल्या प्रत्येक माणसामागे आळसच असतो असं नाही. कधी कधी कॅलेंडर दुसऱ्याच कुणाच्या तरी हातात असतं.

ड्रायव्हरच्या शेजारची सीट

पोर्तुगालची लोकसंख्या साधारण एक कोटी. म्हणजे अख्खा देश मुंबईपेक्षा लहान! आता त्यातले सिनेमा बघणारे किती, त्यातले पोर्तुगीज सिनेमा बघणारे किती, हिशोब तुम्हीच करा. अशा देशात ‘मी पटकथालेखक आहे’ असं सांगितलं तर मुलीच्या वडिलांचा पुढचा प्रश्न काय असणार, हे सांगायला नको.

तरी १९८४मध्ये साबोगांचं नाव एका सुपरहिट सिनेमावर आलं. सिनेमा होता ‘ऊ लुगार दू मोर्तू’, दिग्दर्शक आंतोनियो-पेद्रो वास्कॉन्सेलोस. पटकथा दोघांनी मिळून लिहिली. एका पत्रकाराच्या गाडीत रात्री एक अनोळखी बाई येऊन बसते आणि तो एका मृत्यूच्या गुंत्यात अडकतो, असा थ्रिलर. एक कोटीच्या देशात अडीच लाखांहून जास्त लोकांनी थिएटरात जाऊन तो पाहिला.

नावाचा शब्दशः अर्थ ‘मेलेल्याची जागा’. पोर्तुगीज लोक गाडीतल्या ड्रायव्हरच्या शेजारच्या सीटला असं म्हणतात. अपघात झाला तर पहिला तिथला जातो म्हणून!

मला विचाराल तर पटकथालेखकाची सीटही हीच. स्टिअरिंग डायरेक्टरच्या हातात. रस्ता तुम्ही सांगायचा, नकाशा तुमच्या मांडीवर, कुठे वळायचं ते तुम्हाला पाठ. गाडी मुक्कामाला पोचली तर ‘काय गाडी चालवली बॉस!’ आणि चुकली तर ‘स्क्रिप्टच वीक होती’. ऑफिसात दुसऱ्यासाठी प्रेझेंटेशन बनवणाऱ्या प्रत्येकाला हे लगेच कळेल. स्लाइड्स आपल्या, टाळ्या व्हीपींच्या.

सेकंड इनिंग, पण अडुसष्टाव्या वर्षी

साबोगांचं नाव श्रेयनामावलीत पुन्हा पुन्हा दिसायला लागतं ते २००४नंतर. म्हणजे अडुसष्टीनंतर. आपल्याकडे या वयात माणूस एव्हाना सोसायटीचा सेक्रेटरी होऊन पार्किंगची भांडणं सोडवत असतो.

२००४मध्ये आला ‘ऊ मिलाग्रे सेगुंदू सालोमे’, म्हणजे ‘सालोमेच्या दृष्टीनं चमत्कार’. जुझे रोद्रिगेश मिगेइश या लेखकाच्या कादंबरीवरचा. १९१७ साली पोर्तुगालमधल्या फातिमा गावी तीन लहान मुलांनी ‘आम्हाला माउली मेरी दिसली’ असं सांगितलं. आज ते कॅथलिकांचं जगातलं एक मोठं तीर्थक्षेत्र आहे. कादंबरी विचारते, मुलांना दिसली ती एक साधी, दुर्दैवी, वेश्याव्यवसायात ढकलली गेलेली मुलगी असली तर? ज्या देशात घराघरात फातिमाची मूर्ती, तिथे असं लिहायला जिगर लागते.

दिग्दर्शक होता मारियो बारोसो. हा मूळचा कॅमेरामन आणि कधीमधी नट. पोर्तुगीज सिनेमाचे भीष्माचार्य मानोएल द ओलिवेरा यांच्या दोन चित्रपटांत त्यानं एकाच माणसाची भूमिका केली होती : एकोणिसाव्या शतकातला कादंबरीकार कामिलो कास्तेलो ब्रांको. हे नाव लक्षात ठेवा, कारण इथून पुढे साबोगांची गोष्ट याच माणसाभोवती फिरते.

कामिलोची सगळ्यात गाजलेली कादंबरी ‘आमोर दे पेर्दिसांव’, १८६२ची. बरबाद करणाऱ्या प्रेमाची कथा. ती त्यानं लिहिली कुठे? पोर्तो शहराच्या तुरुंगात! एका विवाहित बाईवर प्रेम केल्याच्या गुन्ह्यासाठी दोघंही गजाआड होते. पोर्तुगालमध्ये ही कादंबरी शाळेपासून सगळ्यांना माहीत. सिनेमेही बरेच झालेले. ओलिवेरांनी तर १९७८मध्ये ती टीव्हीवर भागाभागांत आणली होती. तेव्हा पब्लिकनं नाकं मुरडली, आणि नंतर सिनेमा म्हणून तिचीच वाहवा झाली.

आता इतक्यांदा झालेली गोष्ट तुमच्या टेबलावर आली तर? सेफ रस्ता म्हणजे तेच झगे, त्याच बग्ग्या. साबोगा आणि बारोसो यांनी २००८मध्ये ती थेट आजच्या काळात आणली. नावापुढे फक्त एक ‘उं’ जोडला : ‘उं आमोर दे पेर्दिसांव’, म्हणजे ‘असंच एक बरबाद करणारं प्रेम’. जगात ही गोष्ट एकदाच घडत नाही, हे एका अक्षरात सांगून टाकलं.

तीन खंड, सहा भाग, साडेचार तास

आणि मग आलं ते काम. निर्माता पाउलो ब्रांको (आडनावात गोंधळू नका, कामिलो वेगळा, पाउलो वेगळा) यानं साबोगांकडे कामिलोचीच दुसरी कादंबरी सोपवली : ‘लिस्बनची रहस्यं’. आधी वर्तमानपत्रात क्रमशः आणि मग १८५४मध्ये पुस्तकरूपात आलेली. तीन खंड!

कथा सांगायचा प्रयत्न करते, धीर धरा. एक चौदा वर्षांचा मुलगा वसतिगृहात राहतोय. नाव जोआंव, आडनाव नाही. आई कोण, बाप कोण, माहीत नाही. पोरं चिडवतात. तिथला पाद्री दिनिस त्याला त्याच्या आईची गोष्ट सांगायला लागतो. त्या गोष्टीत येतो बाप. बापाच्या गोष्टीत येतो एक भाडोत्री मारेकरी. त्याला या बाळाला मारायचे पैसे मिळालेले असतात. पुढे तो मारेकरी वेगळंच नाव घेऊन, गडगंज श्रीमंत होऊन लिस्बनच्या मेजवान्यांमध्ये वावरतो. मग कळतं की खुद्द पाद्री दिनिसही नेहमीच पाद्री नव्हता. मग त्याची गोष्ट. त्या गोष्टीत फ्रान्स. फ्रान्समध्ये आणखी एक बाई. तिची गोष्ट...

दम लागला ना? आता कल्पना करा, हे सगळं एका पटकथेत बसवायचंय. आणि तेसुद्धा दोन मापांत! कारण प्रॉडक्शन दुहेरी होतं. थिएटरसाठी जवळपास साडेचार तासांचा सिनेमा आणि टीव्हीसाठी साधारण तासातासाचे सहा भाग. युरोपात हे गणित नेहमीचं. ऐतिहासिक काळ उभा करायला पैसा लागतो, कपड्यांपासून बग्गीपर्यंत. एकट्या थिएटरच्या तिकिटांवर तो वसूल होत नाही. मग टीव्ही चॅनेल्स निर्मितीत पैसे घालतात आणि त्यांना मालिका मिळते. म्हणजे एकच कापड, पण त्यातून साडीही निघाली पाहिजे आणि ड्रेसही.

टीव्हीला दर भागाच्या शेवटी ‘आता पुढे काय’ हवं असतं. साडेचार तासांच्या सिनेमाला मात्र असे झटके चालत नाहीत, त्याला एकच लांब श्वास लागतो. पटकथाकारानं कथेचे सांधे अशा जागी ठेवायला हवेत की तिथे कापलं तरी चालेल आणि न कापता पुढे गेलं तरी अडखळायला होणार नाही. हे काम कोर्समध्ये शिकवून येत नाही. आधी चार घरं बांधलेली लागतात.

साबोगांनी पात्रांना सरळ बोलू दिलं. एक जण आपली गोष्ट सांगायला बसतो, त्यातून दुसरा उठतो, दुसऱ्यातून तिसरा. आपल्याला हे काय नवीन? आजीच्या गोष्टीत राजाची गोष्ट आणि त्यात पोपटाची गोष्ट असायचीच की! एक भाग बघून झाला की प्रत्येक दुय्यम पात्राकडे आपण संशयानं बघायला लागतो. हा वाटेत दार उघडणारा नोकर, याचीही काही तरी गोष्ट असणार. आणि कॅमेराही तसाच, दाराआडून, खिडकीतून, चोरून ऐकणारा.

दिग्दर्शक राउल रुईझ हा मूळचा चिलीचा. तिथे १९७३मध्ये लष्करी उठाव झाल्यावर देश सोडून पॅरिसला आलेला. म्हणजे पाहा, एका हुकूमशाहीतून निघालेला लेखक आणि दुसऱ्या हुकूमशाहीतून निघालेला दिग्दर्शक. दोघांचा पत्ता पॅरिसचा. आणि दोघं मिळून कशावर काम करताहेत? स्वतःचं खरं नाव शोधणाऱ्या, देशोदेशी भटकणाऱ्या माणसांच्या गोष्टीवर.

डेडलाइनवाला कामिलो

इथे मला एक गंमत फार आवडते. कामिलोचा जन्म १८२५चा. म्हणजे ‘लिस्बनची रहस्यं’ पुस्तकरूपात आली तेव्हा तो होता फक्त एकोणतीस वर्षांचा! त्याच्या काळात यादी असती तर नक्की पहिला नंबर. पॅरिसमध्ये अशीच ‘रहस्यं’ नावाची एक क्रमशः कादंबरी तुफान चालली होती, म्हणून त्यानं लिस्बनची काढली. सरळ सरळ मार्केट बघून! लेखणीवर पोट असलेला माणूस, आज हप्ता दिला तर उद्या पैसे. आम्हा फ्रीलान्सर मंडळींना हे काही परकं नाही. (एका ठिकाणचा माझा चेक अजून ‘प्रोसेसमध्ये’ आहे, सातवा महिना चालू आहे. असो.)

म्हणजे कादंबरी एकोणतिशीतल्या पोराची आणि पटकथा चौऱ्याहत्तरीतल्या माणसाची. पोरानं वेगात, भसाभस, जमेल तेवढी वळणं घालून लिहिलं. म्हाताऱ्यानं त्यातलं काय ठेवायचं आणि काय सोडायचं ते ठरवलं. मला वाटतं, यातलं एकही काम दुसऱ्या वयात झालं नसतं. सत्तरीतला माणूस इतकी अचाट वळणं घालायला धजावला नसता. आणि एकोणतिशीतल्याला तीन खंडांतून निम्म्या गोष्टी वगळायला सांगितल्या असत्या तर तो रडला असता. मी तर नक्कीच रडले असते! आठशे शब्दांतले शंभर कापायला सांगितले तरी माझ्या पोटात गोळा येतो.

सिनेमा गाजला. स्पेनमधल्या सान सेबास्तियान महोत्सवात २०१०चं उत्कृष्ट दिग्दर्शनाचं पारितोषिक मिळालं. फ्रान्समधला मानाचा लुई देल्युक पुरस्कारही मिळाला. नाव गाजलं ते अर्थात रुईझचं. यात अन्याय वगैरे काही नाही, चित्रपट त्याच्या नजरेतून घडलाय हे कुणालाही दिसतं. पण ड्रायव्हरच्या शेजारच्या सीटवर कोण होतं, ते आता तुम्हाला माहिती आहे.

डायरेक्टर गेला, स्क्रिप्ट उरली

याच टीमनं पुढचा प्रोजेक्ट काढला : ‘लाइन्स ऑफ वेलिंग्टन’. नेपोलियनचं सैन्य १८१०मध्ये पोर्तुगालवर चालून येतं आणि इंग्रज सेनापती वेलिंग्टन लिस्बनच्या उत्तरेला गुपचूप बांधलेल्या तटबंदीमागे मागे सरकतो, त्या दिवसांची कथा.

आता थांबा जरा. हा वेलिंग्टन आपल्या ओळखीचा आहे! तेव्हा त्याचं नाव होतं आर्थर वेलस्ली. २३ सप्टेंबर १८०३ला आत्ताच्या जालना जिल्ह्यातल्या असईजवळ शिंदे आणि नागपूरकर भोसले यांच्या फौजेला हरवणारा. वय वर्षं ३४. पुढे नेपोलियनला वॉटर्लूवर हरवूनसुद्धा हा गृहस्थ असईची लढाईच आपली सर्वांत भारी कामगिरी मानायचा, असं सांगतात. शाळेत एका मार्कासाठी पाठ केलेला वेलस्ली आणि साबोगांच्या पटकथेतला वेलिंग्टन, दोघं एकच.

साबोगांनी या ‘हीरो’चं काय केलं? त्याला जवळजवळ बाजूलाच ठेवलं. जॉन माल्कोविचसारखा नट वेलिंग्टन झालाय, पण पडद्यावर येतो तो थोडाच. आणि येतो तेव्हा त्याला काळजी कसली, तर चित्रकार लढाईच्या चित्रात आपल्याला नीट दाखवतोय की नाही! म्हणजे त्या काळातला प्रोफाइल फोटो. खरी गोष्ट आहे ती रस्त्यावरच्या माणसांची. सैन्य मागे हटताना शत्रूला काही मिळू नये म्हणून गावं रिकामी केलेली, पिकं जाळलेली. बायका, पोरं, जखमी शिपाई, पळपुटे, फेरीवाले, सगळे चिखल तुडवत लिस्बनकडे निघालेले. युद्ध सेनापतीच्या घोड्यावरून न दाखवता बैलगाडीवरून दाखवणं, हा निर्णय पटकथेचा.

पण शूटिंगच्या आधीच, ऑगस्ट २०११मध्ये, रुईझचं निधन झालं. असा प्रोजेक्ट साधारणपणे तिथेच संपतो. रुईझची पत्नी वालेरिया सार्मिएंतो ही स्वतः दिग्दर्शिका, नवऱ्याचे अनेक सिनेमे तिनंच एडिट केलेले. तिनं पटकथा हातात घेतली आणि सिनेमा पूर्ण केला. २०१२मध्ये तो व्हेनिस महोत्सवात मुख्य स्पर्धेत होता. टीव्हीसाठी त्याचीही मालिका निघाली.

म्हणजे ड्रायव्हर गेला, गाडी थांबली, पण नकाशा शाबूत होता. दुसरं कुणीतरी स्टिअरिंगवर बसलं आणि गाडी मुक्कामाला पोचली. ‘स्क्रिप्ट म्हणजे काय, चार कागद’ असं म्हणणाऱ्यांना ही गोष्ट जरूर सांगा.

मग स्वतः चाक हातात

आणि त्याच २०१२ साली साबोगांनी आणखी एक उचापत केली. शहात्तराव्या वर्षी पहिल्यांदा फीचर फिल्म दिग्दर्शित केली. नाव ‘फोटो’. पॅरिसमधल्या एका तरुणीची आई वारते, जुने फोटो मागे राहतात आणि आपला बाप कोण याचा शोध घेत ती लिस्बनला जाते. शोध जाऊन पोचतो हुकूमशाहीच्या दिवसांत, कोण कुणाबरोबर होतं आणि कुणी कुणाला दगा दिला इथपर्यंत. कामिलोच्या त्या बिनआडनावाच्या पोराचाच प्रश्न, पण या वेळी साबोगांच्या स्वतःच्या पिढीला विचारलेला.

२०१५मध्ये दुसरी फिल्म, ‘आ उमा ओरा इनसेर्ता’. काळ १९४२चा, युरोपात महायुद्ध पेटलेलं, लिस्बनमध्ये देशोदेशीचे निर्वासित आणि एका पोलीस अधिकाऱ्याच्या आसऱ्याला आलेले दोन फ्रेंच. २०२०मध्ये पुन्हा बारोसोसाठी लिहिलेला ‘ओर्देम मोराल’. ती तर खरी घडलेली गोष्ट. १९१८मध्ये लिस्बनच्या मोठ्या वृत्तपत्राची वारस असलेली मारिया आदेलाइद, वय ४८, नवरा आणि बंगला सोडून स्वतःच्या तरुण माजी ड्रायव्हरबरोबर निघून गेली. नवऱ्यानं काय केलं? तिला वेडी ठरवून इस्पितळात टाकलं. तसं लिहून देणाऱ्या नामवंत डॉक्टरांमध्ये एक होते एगाश मोनिज, ज्यांना १९४९मध्ये वैद्यकशास्त्राचं नोबेल मिळालं. अठ्ठेचाळिसाव्या वर्षी आयुष्य बदलू पाहणाऱ्या बाईला समाज ‘वेडी’ म्हणतो, ही गोष्ट चौऱ्याऐंशीच्या घरातला माणूस लिहितो. जोडी जमली!

मग आपण काय घ्यायचं?

माझी एक मैत्रीण आहे. बँकेत आहे, काम चोख. कॉलेजात एकांकिका लिहायची, तिच्या दोन एकांकिकांनी आम्हाला फायनलला नेलंय. परवा भेटली तेव्हा विचारलं, ‘हल्ली काय लिहितेस?’ म्हणाली, ‘सोड गं, एकतिसावं लागलं. आता कसलं लिहिणं. व्हायचं असतं तर एव्हाना झालं असतं.’

हे ‘एव्हाना’ फार वाईट आहे. कुणी ठरवलं हे एव्हाना?

आता लगेच तिला ‘बघ, साबोगांना चौऱ्याहत्तराव्या वर्षी मिळालं, तुलाही मिळेल’ असं सांगणं म्हणजे शुद्ध थापा. मिळेलच असं काही नाही. पाउलो ब्रांकोसारखा हट्टी निर्माता, रुईझसारखा दिग्दर्शक, पैसे घालणारी टीव्ही चॅनेल्स, हे सगळं एका वेळी जुळून आलं. साबोगांच्याच पिढीतल्या कितीतरी जणांचं ते जुळलं नसेल. त्यांच्यावर कॉलम निघत नाहीत.

पण ते जुळून आलं तेव्हा तीन खंडांची कादंबरी पेलायची तयारी झालेली होती. ती काही एका रात्रीत झाली नाही. एका थ्रिलरमध्ये दुसऱ्याबरोबर लिहायला शिकणं, दुसऱ्याची कादंबरी आपलीशी करणं, शाळेत शिकवलेली गोष्ट उलटी करून बघणं, एकेक करून जमलेली तयारी. यातलं काहीही ‘मोठा ब्रेक’ म्हणून नव्हतं. यादी करणारे ब्रेक मोजतात. ही तयारी मोजायचं मीटर त्यांच्याकडे नाही.

आणि करिअरला आपण शिडी का म्हणतो, हेही मला या माणसामुळे कळेनासं झालंय. शिडीवर एक पायरी चुकली की खाली. त्यांच्या पटकथेतली माणसं बघा. मारेकरी शेटजी होतो, रंगेल सरदार पाद्री होतो, बिननावाच्या मुलाला नाव मिळतं आणि तरी सुख मिळत नाही. एका आयुष्यात एकाच माणसाचे तीन-तीन बायोडेटा. कुणाचंही आयुष्य ‘एव्हाना’ ठरून गेलेलं नाही.

मैत्रिणीला मी उपदेश केला नाही. फक्त ‘मिस्टरीज ऑफ लिस्बन’ बघायला सांगितलं, टीव्हीवाली आवृत्ती. सहा भाग आहेत. सोमवार ते शनिवार, ऑफिसातून आल्यावर जेवताना रोज एक. सबटायटल्समुळे पोळी भाजीत बुडवायची राहून जाते, तेवढं सांभाळा. तिचा बुधवारी रात्री मेसेज आला, ‘तो पाद्री आधी कोण होता, सांगू नकोस!’ आणि गुरुवारी दुसरा : ‘आपली ती दुसरी एकांकिका तुझ्याकडे टाइप केलेली आहे का गं?’

आहे. पाठवली.

तुमची कुठली फाइल कुणाकडे पडून आहे? मागून घ्या. यादी छापणाऱ्यांचं काय, पुढच्या वर्षी ते नवीन छापतीलच.